दाटी आणि कोंडमारा : चाळ, झोपडपट्टी आणि कोपी

महानगरीय साहित्याच्या अध्यापनात एक वाचनपद्धती बऱ्याच काळापासून रूढ झालेली आहे. जयवंत दळवी यांची 'चक्र' किंवा भाऊ पाध्ये यांची 'वासूनाका' ही कादंबरी वर्गात शिकवली जाते, तेव्हा शहर वाढले, माणसे एकमेकांच्या अंगावर आली आणि त्यामुळे त्यांची नीती ढासळली, अशी कार्यकारणांची साखळी बहुधा मांडली जाते. मार्गदर्शकांतून ती उत्तरपत्रिकांत उतरते आणि पुढे तेच विद्यार्थी अध्यापक झाल्यावर पुन्हा वर्गात परत येते. बीड जिल्ह्याच्या केज तालुक्यातील नांदूरघाटसारख्या गावातून पदव्युत्तर वर्गात आलेल्या विद्यार्थ्याला ही साखळी ऐकताना काय वाटत असेल, याचा विचार मात्र क्वचितच केला जातो. मराठवाड्यातील अनेक कुटुंबे १९७२ च्या दुष्काळात मुंबई-पुण्याच्या वस्त्यांत गेली आणि त्यांपैकी बरीच तेथेच राहिली. बालाघाटच्या परिसरातील असंख्य कुटुंबे आजही दरवर्षी ऊसतोडीच्या हंगामात कोप्यांत राहतात. दाट वस्तीमुळे माणूस बिघडतो हे विधान अशा विद्यार्थ्यापुरते साहित्यविषयक राहत नाही. तो त्याच्या चुलत्या-मामांवर वर्गात सुनावलेला निवाडा ठरतो.

हा निवाडा त्या साहित्यकृतींनीच दिलेला आहे काय, हे तपासणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

या विषयाला मराठीत एक विलक्षण पूर्वसूचना लाभलेली आहे. बा. सी. मर्ढेकर यांच्या 'काही कविता' (१९४७) या संग्रहातील पिपात मरून पडलेल्या उंदरांची कविता मराठी समीक्षेने जितकी चर्चिली तितकी क्वचितच दुसरी एखादी कविता चर्चिली असेल. त्यानंतर पंधरा वर्षांनी, १९६२ मध्ये, जॉन कॅलहून या अमेरिकन संशोधकाने उंदरांवरील आपल्या प्रयोगांचा अहवाल प्रसिद्ध केला. अन्नपाणी मुबलक, जागा मात्र मर्यादित, अशा स्थितीत वाढणाऱ्या उंदरांमध्ये माद्यांनी पिलांकडे दुर्लक्ष करणे, नरांचे अकारण आक्रमण, काहींचे पूर्ण अलिप्त होणे असे प्रकार त्याला आढळले. हा अहवाल प्रयोगशाळेत थांबला नाही. महानगरांच्या भवितव्याविषयीच्या भयकथांना त्याने शास्त्राचा आधार दिला आणि 'दाटी म्हणजे विकृती' हे समीकरण जगभर पसरले. मर्ढेकरांची कविता आणि कॅलहूनचा प्रयोग यांची सांगड घालण्याचा मोह होणे स्वाभाविक आहे. परंतु मर्ढेकरांच्या उंदरांना दाटीने मारलेले नाही. त्यांच्या जगण्यात आणि मरण्यातही एक सक्ती आहे, आणि त्या कवितेतील भीषणता जागेच्या तुटीपेक्षा या सक्तीतून येते.

कॅलहूनच्या प्रयोगातही ज्या तपशिलाकडे सहसा लक्ष दिले जात नाही, तो असाच आहे. त्याने उंदरांची जागा चार कप्प्यांत विभागली होती आणि कप्पे चढ-उताराच्या पुलांनी जोडले होते. टोकाच्या दोन कप्प्यांना प्रत्येकी एकच वाट होती, मधल्या दोघांना दोन-दोन. टोकाच्या कप्प्यांत एखादा बलवान नर त्या एकमेव वाटेवर ठाण मांडून आत कोण येणार हे ठरवू शकत असे. अशा कप्प्यांतील माद्या पिलांना नीट वाढवत होत्या. वर्तनाची घसरण झाली ती मधल्या कप्प्यांत, जेथे येणाऱ्याला अडवण्याची सोय कोणालाच नव्हती. एकाच इमारतीतील, एकाच अन्नावर वाढणाऱ्या उंदरांत हा फरक पडला. तो दाराने पाडला असे म्हणणे अधिक वस्तुनिष्ठ ठरेल. अर्थात टोकाच्या कप्प्यातील ती शांतता एका बलवानाने इतरांना बाहेर ठेवून मिळवलेली होती, हेही विसरता येत नाही. मधल्या कप्प्यांतील गर्दीत तिचाही वाटा होता.

पुढील काळातील मानसशास्त्राने हाच भेद अधिक स्पष्ट केला. डॅनियल स्टोकोल्स यांनी १९७२ मध्ये मोजता येणारी घनता आणि अनुभवास येणारी गर्दी यांत फरक केला. जोनाथन फ्रीडमन यांनी १९७५ मध्ये असे प्रतिपादन केले की घनता स्वतः चांगली किंवा वाईट वृत्ती निर्माण करत नाही, असलेली वृत्ती ती तीव्र करते. मराठीला हा भेद मुळात परका नाही. चौरस फुटांत सांगता येते ती दाटी, आणि माणसाला जाणवतो तो कोंडमारा. जत्रेत दाटी असते, पण तेथे कोंडमारा होतोच असे नाही. चार खोल्यांच्या वाड्यात एकट्या सुनेचा कोंडमारा होऊ शकतो. 'अडचण' हा शब्द तर याहून बोलका आहे. 'घरात फार अडचण आहे' या वाक्यात जागेचा अपुरेपणा आणि जगण्यातील संकट यांतले नेमके काय अभिप्रेत आहे, हे संदर्भ पाहिल्याशिवाय सांगता येत नाही. स्त्रिया मासिक पाळीलाही 'अडचण' म्हणतात, आणि एका खोलीच्या घरात हे तिन्ही अर्थ एकाच वेळी खरे असतात.

या भेदाच्या आधारे मराठीतील वस्तीचित्रणाकडे पाहू गेल्यास पहिला मुक्काम अर्थातच चाळीचा. १८९६ च्या प्लेगनंतर १८९८ मध्ये मुंबईत सुधार न्यास स्थापन झाला. १९२० नंतर मुंबई विकास विभागाने वरळी, नायगाव, ना. म. जोशी मार्ग आणि शिवडी येथे चाळी उभारल्या. या बीडीडी चाळींची संख्या २०७. तळमजला आणि त्यावर तीन मजले, प्रत्येक मजल्यावर वीस खोल्या, खोली सुमारे १६० चौरस फुटांची, शौचालये मजल्यावर सामायिक. अशा एका खोलीत एक कुटुंब, आणि गिरणीत नोकरी शोधायला आलेले गावाकडचे दोन-चार पुरुष. कोणत्याही मापाने ही असह्य दाटी होय. तरीही याच प्रकारच्या इमारतीतून मराठी वाङ्मयातील सर्वांत आनंदी ग्रंथांपैकी एक जन्माला आला, ही गोष्ट वर उल्लेखिलेल्या साखळीला पहिला धक्का देते.

पु. ल. देशपांडे यांची 'बटाट्याची चाळ' (१९५८) ही गिरगावातील कनिष्ठ मध्यमवर्गाची चाळ आहे आणि बीडीडी चाळीतील कामगारांपेक्षा तिचे रहिवासी पुष्कळच सुस्थित आहेत, हे मान्य केले पाहिजे. परंतु खाजगीपणाचा अभाव दोन्हीकडे सारखाच आहे. उपास करणाऱ्या माणसाचे वजन ही चाळीची सार्वजनिक बाब होते. आहाराविषयी सल्ला देण्याचा अधिकार प्रत्येक बिऱ्हाडाला आहे, आणि तो बजावण्यात कोणी कसूर करत नाही. हे हास्य कोठून येते? शेजाऱ्याची लुडबूड येथे अपेक्षित आहे, तिला नियम आहेत आणि ती परस्परांची आहे. आज जो सल्ला देतो त्याला उद्या सल्ला मिळतो. गच्चीसाठीच्या आंदोलनाचे प्रकरण या दृष्टीने पुन्हा वाचण्यासारखे आहे. संयुक्त महाराष्ट्राच्या घोषणेचे विडंबन म्हणून ते वाचले जाते आणि ते तसे आहेच. पण विडंबनाखाली एक अगदी खरी मागणी आहे. खोली लहान असणाऱ्यांना सामायिक जागा हवी आहे, आणि तिची किल्ली दुसऱ्याच्या हातात आहे. पुस्तकाच्या अखेरच्या चिंतनात लेखकाचा सूर एकाएकी गंभीर होतो, तेव्हा चाळीबरोबर जाणार असलेल्या या अलिखित नियमांची हुरहूरच त्यात उमटते. ती हुरहूर थोडी हळवी आहे, आणि चाळीतील स्त्रियांना ती तितकीच वाटली असती काय, हा प्रश्न पुस्तक विचारत नाही.

गिरणगावातील चाळ या नियमांपलीकडे आणखी एका गोष्टीवर उभी होती, आणि ती म्हणजे पाळी. गिरण्या पाळ्यांनी चालत. पहिल्या पाळीचा माणूस कामावर जाई तेव्हा रात्रपाळीचा परत येऊन त्याच्या जागी आडवा होई. गाळ्यात एकत्र राहणारे, खानावळीत जेवणारे एकटे पुरुष अशाच हिशेबाने राहत. पावसाळा सोडला तर उरलेले व्हरांड्यात, गच्चीवर किंवा पदपथावर झोपत. नीरा आडारकर आणि मीना मेनन यांनी २००४ मध्ये प्रसिद्ध केलेल्या गिरणगावच्या मौखिक इतिहासातून या जीवनक्रमाचे विस्तृत दर्शन घडते. म्हणजे १६० चौरस फुटांत राहणाऱ्या माणसांची संख्या आणि एका वेळी तेथे असणाऱ्या माणसांची संख्या या दोन वेगळ्या गोष्टी होत्या, आणि दोहोंमधील अंतर गिरणीचा भोंगा राखत असे.

१८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या संपाने हा भोंगा थांबवला. अडीच लाखांच्या आसपास कामगार त्यात उतरले होते आणि त्यांपैकी बहुसंख्यांना पुढे पूर्वीची नोकरी कधीच मिळाली नाही. संपाच्या अर्थकारणाविषयी पुष्कळ लिहिले गेले आहे. परंतु त्याने खोलीचे काय केले, हे जयंत पवार यांच्या 'अधांतर' (१९९७) या नाटकाइतके नेमकेपणाने दुसऱ्या कोणत्याही कृतीने दाखवलेले नाही. गिरणी कामगाराच्या धुरी कुटुंबाचे हे नाटक चाळीतील एका खोलीत घडते. खोली तीच आहे, तिची लांबी-रुंदी बदललेली नाही. बदलले आहे ते एवढेच की तिच्यातून बाहेर जाण्याचे कारण कोणाला उरलेले नाही. हाताला काम नसलेले तरुण मुलगे एकाच छताखाली एकमेकांसमोर येतात. कोणी साहित्याच्या, कोणी क्रिकेटच्या, कोणी टोळीच्या आधाराने आपापले दार शोधतो. आईचा करारीपणा आणि तिची चिडचिड यांच्यामागे दिवसभर न रिकामी होणारी ही खोली आहे. रंगमंचाच्या एकस्थळी रचनेची तांत्रिक सोय म्हणून या खोलीकडे पाहणारी समीक्षा नाटकाचा आशय अर्धा सोडून देते. संपापूर्वीची तीच खोली रंगमंचावर आणली असती, तर तेवढ्याच माणसांची तेथे कदाचित दाटी भासली असती. कोंडमारा होण्यासाठी पाळी बंद पडावी लागली.

रॉबर्ट मिचेल यांनी हाँगकाँगमधील दाट वस्त्यांच्या पाहणीवरून १९७१ मध्ये एक निष्कर्ष काढला होता, तो 'वासूनाका' (१९६५) वाचताना आठवतो. अतिदाटीमुळे माणसे मनोरुग्ण होतात असे त्यांना ठळकपणे दिसले नाही. दिसले ते हे की घरात जागा नसल्यामुळे मुले बाहेर राहतात, आणि ती कोठे आहेत, काय करतात, याची आईवडिलांना माहिती राहत नाही. पोक्या आणि त्याचे सोबती नाक्यावर उभे असतात. आचार्य अत्रे यांच्यासारख्यांनी या कादंबरीवर अश्लीलतेचा आरोप करून झोड उठवली, तेव्हा चर्चा त्या पोरांच्या भाषेवर आणि स्त्रीविषयक दृष्टीवर केंद्रित झाली. ती दृष्टी क्रूर आहे यात शंका नाही, आणि तिची सारवासारव करण्याचे कारणही नाही. परंतु नाका हे स्थळ लेखकाने उगाच निवडलेले नाही. घरी बसायला जागा नसलेल्या आणि कोठे जायचे तेही नसलेल्या तरुणांची ती बैठकीची खोली आहे, आणि तिला भिंती नसल्यामुळे रस्त्याने जाणारी प्रत्येक मुलगी नाइलाजाने त्या खोलीतून जाते. मुलींना असा नाका नाही. मुलगा बाहेर पडल्याने खोलीत झालेली रिकामी जागा कामाच्या रूपाने बहिणीच्या वाट्याला येते. दाटीचा परिणाम 'मानवी वर्तनावर' होतो असे सरसकट म्हणताना हा फरक पुसला जातो.

'चक्र' (१९६३) मध्ये प्रश्न अधिक मूलगामी होतो. बृहन्मुंबईची लोकसंख्या १९५१ मध्ये सुमारे तीस लाख होती, ती १९७१ मध्ये साठ लाखांच्या जवळ पोहोचली. दुपटीच्या या दोन दशकांतच 'चक्र', मधु मंगेश कर्णिक यांची 'माहीमची खाडी' (१९६९) आणि नामदेव ढसाळ यांचा 'गोलपिठा' (१९७२) हे साहित्य आले. अम्मा, बेनवा आणि लुक्का यांच्या जगण्यातील भूक, वासना आणि हिंसा दळवींनी कोणताही आडपडदा न ठेवता मांडली. तेथे दाटी आहे. पण चाळीला जे होते ते तेथे नाही. चाळीतील भाडेकरूला १९४७ च्या भाडे-नियंत्रण कायद्याचे संरक्षण होते, त्याच्या दाराला कडी होती आणि ते दार उद्याही तेथेच असेल अशी खात्री होती. झोपडपट्टीच्या रहिवाशाला अशी खात्री देणारा कायदा तेव्हा नव्हता. झोपडपट्टीविषयीचा राज्याचा कायदा १९७१ चा, आणि मुंबईत झोपड्यांची गणना करून ओळखपत्रे देण्यात आली ती १९७६ मध्ये. ज्या घराचा उद्या भरवसा नाही त्या घराच्या शेजाराशी नियम बांधता येत नाहीत, कारण नियमांना काळ लागतो. 'चक्र'मधील माणसे मिळेल ते आजच घेऊ पाहतात. याला नीतीचा ऱ्हास म्हणायचे की उद्याच्या अभावाशी केलेला व्यवहार, हे अध्यापकाने वर्गात निदान खुले तरी ठेवले पाहिजे. खुद्द दळवी त्यांना दोषी ठरवण्याची घाई करत नाहीत. ती घाई आपल्या मार्गदर्शकांची आहे.

बाबूराव बागूल यांचा 'जेव्हा मी जात चोरली होती' हा कथासंग्रहही १९६३ चाच, आणि या चर्चेतील सर्वांत अवघड पुरावा तोच पुढे ठेवतो. शीर्षककथेतील तरुण रेल्वेच्या नोकरीसाठी परक्या ठिकाणी जातो, आणि राहायला जागा मिळावी म्हणून त्याला जात लपवावी लागते. महानगरात माणूस अनोळखी होतो आणि म्हणून मोकळा होतो, हा जॉर्ज झिमेल यांच्या १९०३ च्या प्रसिद्ध निबंधापासून समाजशास्त्राने जपलेला विचार आहे. बागूलांची कथा त्याला आव्हान देते. रस्त्यावर कोणी जात विचारत नसेल, पण खोली मागताच ती विचारली जाते. उघड झाल्यावर होणारी मारहाण ही गर्दीतून आलेली हिंसा नाही. ती गावाहून शिस्तीत चालत आलेली आहे. शहराने तिला फक्त भाड्याच्या खोलीचा पत्ता दिला. वरळीच्या बीडीडी चाळींचा इतिहासही याला साक्ष देतो. तेथील दाटी अर्धशतक जवळजवळ एकसारखी होती, आणि दंगल उसळली ती जानेवारी १९७४ मध्ये, दलित पँथरच्या सभेनंतर. जे पन्नास वर्षे स्थिर होते ते एका वर्षाच्या घटनेचे कारण म्हणून पुढे करता येत नाही. कारण जातीच्या आणि राजकारणाच्या संबंधांत शोधावे लागते. फ्रीडमन यांचे म्हणणे येथे फार तर इतपत लागू पडते, की शेजारी-शेजारी असलेल्या इमारतींमुळे असलेले वैर अधिक तीव्र झाले असेल.

चाळीतला नियम, गिरणीची पाळी, झोपडीची अनिश्चितता आणि जातीची चौकशी या चार गोष्टी हाताशी ठेवून पुन्हा केज तालुक्याकडे वळले, की दाटीचा प्रश्न केवळ महानगरीय आहे हे गृहीतकच डळमळते. केज, धारूर, वडवणी, पाटोदा, शिरूर या पट्ट्यातून दसरा-दिवाळीच्या सुमारास टोळ्या निघतात. उचल घेतलेली असते, मुकादम ठरलेला असतो. नवरा-बायको मिळून एक कोयता, असा हिशेब असल्यामुळे लग्नाचे वय खाली येते. गावात म्हातारी माणसे राहतात, काही मुले हंगामी वसतिगृहात किंवा आजीजवळ. तेव्हा नांदूरघाटच्या परिसरात दाटी नसते, उलट गल्ल्या ओस पडतात. तीच माणसे पश्चिम महाराष्ट्रात वा कर्नाटकात कारखान्याच्या तळावर किंवा फडाजवळ बांबूच्या तट्ट्यांच्या आणि पाचटाच्या कोप्या एकमेकींना लागून उभ्या करतात. पुरेसे ताठ उभेही राहता येणार नाही अशा कोपीत संसार, पोर आणि धान्य. शेजारी बैल. भोवती मैलोन् मैल मोकळे रान असताना माणसे अशी दाटीवाटीने राहतात, कारण जमीन त्यांची नाही आणि तळ कोठे पडावा हे त्यांच्या हातात नाही. लोकसंख्यावाढीच्या कोणत्याही आलेखावर ही दाटी दिसणार नाही.

गिरणगावाशी तुलना केल्यास कोपीचे वेगळेपण अधिक स्पष्ट होते. गिरणीच्या पाळीला घड्याळ होते. तोडलेल्या उसाची गाडी मात्र मध्यरात्री आली तर मध्यरात्री भरावी लागते. झोप कधी मिळेल हे माहीत नसलेल्या माणसांना जागा वाटून घेण्यासाठी वेळेचे वाटप करता येत नाही. स्त्रियांना तर आडोसाही मिळत नाही. अंघोळ उजाडण्यापूर्वी उरकायची, नैसर्गिक विधींसाठी अंधाराची वाट पाहायची, पाळीच्या दिवसांतही खाडा पडू द्यायचा नाही, कारण खाड्याचे पैसे कापले जातात. बीड जिल्ह्यातील ऊसतोड स्त्रियांच्या गर्भाशय काढून टाकण्याच्या शस्त्रक्रियांचा प्रश्न २०१९ मध्ये विधिमंडळात गाजला आणि राज्य शासनाने त्यासाठी चौकशी समिती नेमली. या शस्त्रक्रियांमागे वैद्यक व्यवसायातील नफेखोरी आहे, मजुरीची पद्धत आहे, अज्ञान आणि भीतीही आहे. पण त्यांच्या मुळाशी 'अडचण' या शब्दाचे ते तिन्ही अर्थ एकत्र आलेले आहेत, हे मराठीच्या अभ्यासकाला तरी दिसायला हवे. येथे कोंडमाऱ्याचा परिणाम वर्तनावर होऊन थांबलेला नाही. तो शरीरावर झाला आहे, आणि तोही घरातील एकाच व्यक्तीच्या.

चाळीला पु. ल. मिळाले, गिरणगावाला नारायण सुर्वे आणि जयंत पवार, घाटकोपरच्या चिरागनगरला अण्णा भाऊ साठे. कोपीला आतून पाहणारे लेखन त्या मानाने फार थोडे आहे. योगीराज बागूल यांचे 'पाचट' हे आत्मकथन त्यांपैकी एक. अभ्यासक्रमात ते 'चक्र'च्या शेजारी ठेवता येईल. तसे केल्यास नांदूरघाटच्या विद्यार्थ्याला निदान एका पुस्तकापुरते, वर्गातील इतर कोणाहीपेक्षा, अध्यापकाहूनही अधिक ठाऊक असेल, आणि 'चक्र'मधील माणसांविषयी तो काय म्हणतो हे ऐकून घ्यावे लागेल.